गाव हललं तो मार्च

नोवा लिपा, सास्कॅचेवान
१४ ऑक्टोबर १९७९

तिमोफी भावजी,

पाकिटावरचं अक्षर ओळखून हे पत्र तुम्ही न उघडताच चुलीत टाकलं नसेल असं धरून लिहिते आहे. टाकलं असेल तर दुसरं पाठवीन, मग तिसरं. माझ्याकडे पाकिटं पुष्कळ आहेत.

वासिलला जाऊन गेल्या महिन्यात वर्ष झालं. तुमचं कार्ड तेव्हा मिळालं होतं. त्यात नुसती सही होती. सख्ख्या भावाच्या मरणावर माणसाला एक ओळ सुचू नये याचा मला राग आला होता. आता तो राग उरला नाही.

कामाचं सांगते. पुढच्या वर्षी प्रांताला पंचाहत्तर वर्षं होतात, म्हणून आजूबाजूचं प्रत्येक गाव आपला इतिहास छापतं आहे. पलीकडच्या जर्मनांचं पुस्तक निघालंसुद्धा. आपल्याकडे एकेचाळीस माणसं उरली आहेत. शाळा बंद झाली. मालगाडी आठवड्यातून एकदा येते, आणि दोनेक वर्षांत रूळही उखडणार म्हणतात. आता लिहिलं नाही तर असं एक गाव होतं हे सांगायला फक्त दफनभूमी राहील. मी तसं होऊ देणार नाही.

समिती तिघांची आहे. मी, रुळाकाठच्या धान्यकोठारावरून निवृत्त झालेला याकिम, आणि पोस्ट सांभाळणारी स्टेफ्का. कोण स्टेफ्का ते तुम्हाला कळलं असेल. ओलेक्सा कोशिलची मुलगी. तेव्हा सहा वर्षांची होती.

गाव हलवलं त्या हिवाळ्याबद्दल मी एवढंच लिहिलं आहे: "रेल्वे येणार म्हणून सगळे वाट बघत होते. ती आली, पण तळ्याच्या पलीकडे, सात मैलांवर. मग १९२८ च्या हिवाळ्यात लोकांनी आपली घरं ओंडक्यांवर चढवली, घोडे जुंपले आणि गोठलेल्या तळ्यावरून एकेक करून ओढत रुळांपाशी आणली. शेवटी देऊळ निघालं."

इथे माझी लेखणी थांबते. पुढचं तुम्ही लिहा. बर्फ तुम्ही मोजत होतात, वाट तुम्ही आखत होतात. जे माहीत आहे ते सगळं लिहा.

तुमची वहिनी,
दोकिया

ता. क. तुमचं उत्तर स्टेफ्काच्या हातूनच माझ्याकडे येणार. तेव्हा पाकीट नीट चिकटवा.


थंडर बे
२ नोव्हेंबर १९७९

दोकिया वहिनी,

पत्र चुलीत टाकलं नाही. माझ्याकडे आता विजेची शेगडी आहे, तिच्यात काही टाकता येत नाही.

इतिहासासाठी मी योग्य माणूस नाही. इथल्या बंदरावर बत्तीस वर्षं धान्य उतरवलं, त्यामुळे मला नोवा लिपाची माहिती आहे ती मालगाडीच्या डब्यांवरच्या चिठ्ठ्यांवरून. तुमच्या स्टेशनचं नाव असलेला डबा आला की मी मूठभर गहू हातात घेऊन बघायचो. एकोणीसशे एकसष्टचा बारीक होता, सुरकुतलेला. सहासष्टचा असा की दाताखाली टक्कन फुटायचा. बरोबरचे म्हणायचे, "तिमको, गव्हाशी काय बोलतोस?" मी म्हणायचो, "घरची खुशाली विचारतोय." माझी बायको आयली फिनलंडची होती. तिला वाटायचं, आम्ही युक्रेनचे सगळेच असे असतो. ती गेली त्याला चार वर्षं झाली.

सुरुवातीचं थोडं लिहून पाठवतो, ते वापरा. आमचे वडील १९०३ मध्ये आले. पहिला हिवाळा जमिनीत खड्डा करून, वर गवताच्या ढेपांचं छप्पर घालून काढला. येताना खिशात लिपाच्या, म्हणजे गावाकडच्या लिंडनच्या झाडाच्या, बिया आणल्या होत्या. तीन वर्षं पेरल्या. एकही उगवली नाही. नाव नोंदवायला सरकारी माणूस आला तेव्हा वडील म्हणाले, "नोवा लिपा लिहा." तो इकडेतिकडे बघून म्हणाला, "इथं तर एकही झाड नाही." वडील म्हणाले, "म्हणून तर नवी म्हटलं."

मार्चचं मला काही आठवत नाही. वय झालं.

तिमोफी


नोवा लिपा
२५ नोव्हेंबर १९७९

तिमोफी भावजी,

एकसष्टचा गहू बारीक होता हे आठवतं आणि मार्च आठवत नाही, हे मी खरं मानावं अशी तुमची अपेक्षा नसणार.

तुमचं पाकीट स्टेफ्कानं मला दोन बोटांत धरून दिलं, मेलेला उंदीर धरतात तसं. दुसऱ्या दिवशी तिनं तिच्या घराचं पान समितीपुढे ठेवलं. ते जसंच्या तसं उतरवते आहे:

"माझे वडील ओलेक्सा कोशिल २३ मार्च १९२८ रोजी तळ्यात बुडाले. तिमोफी मांझ्युक यांनी वाटेच्या खुणांच्या काठ्या चुकीच्या जागी रोवल्या होत्या. ते त्याच दिवशी गाव सोडून पळाले. आमच्या दारापर्यंतही आले नाहीत. आईने आम्हा चौघांना एकटीने वाढवलं."

याकिम म्हणाला, "यात काय वावगं आहे? सगळ्यांना ठाऊक आहे. छापू या." मी म्हटलं, "ज्याच्याबद्दल लिहिलंय तो जिवंत आहे. आधी त्याला विचारू." स्टेफ्का म्हणाली, "विचारा की. एक्कावन्न वर्षांत त्यालाही कुणी बोलू नको म्हटलं नव्हतं."

भावजी, पान छपाईला जायला अजून पाच महिने आहेत. मला सरळ उत्तर द्या. त्या काठ्या तुम्ही कुठे रोवल्या होत्या?

दोकिया


थंडर बे
१० डिसेंबर १९७९

वहिनी,

छापा. तिनं लिहिलंय तसंच छापा. एका माणसाचं नाव, एक ओळ. माझं काय जातंय? इथं मला कुणी ओळखत नाही आणि मूलबाळ नाही.

काठ्या मी रोवल्या होत्या. हे मी त्या दिवशी सगळ्यांसमोर बोललो होतो, आजही तेच. आता उकरू नका. वासिलच्या नावाला धक्का लागेल असं मी तेव्हा बोललो नाही, आता तो नसताना तर मुळीच बोलणार नाही. तुम्ही निश्चिंत राहा.

नाताळ सुखाचा जावो.

तिमोफी


नोवा लिपा
७ जानेवारी १९८०

तिमोफी भावजी,

जुन्या पंचांगाप्रमाणे आज आपला नाताळ. काल संध्याकाळी रीतीप्रमाणे मेजावर गेलेल्यांसाठी एक ताट जास्तीचं मांडलं. आणि तुमचं पत्र पुन्हा वाचलं. आता चोविसाव्यांदा असेल.

"वासिलच्या नावाला धक्का." हे काय आहे? वासिलचा यात काय संबंध?

तुम्ही रागावून गप्प आहात असं मी इतकी वर्षं समजत होते. गावावर रागावलाय, आमच्यावर रागावलाय. पण तुमचं हे एक वाक्य रागाचं नाही. तुम्हाला काय वाटतं, त्या काठ्या वासिलनं हलवल्या?

तुमच्या भावानं तुमचं नाव घरात घेऊ दिलं नाही, हे तुम्हाला कुणी ना कुणी कळवलं असेल. पण शेवटच्या आजारात एकदा आपणहून बोलला. म्हणाला, "तिमकोची चूक झाली असेल. चूक कुणाचीही होते. पण पळायला नको होतं. मी त्याच्या बाजूला उभा राहिलो असतो." असं म्हणून भिंतीकडे तोंड करून पडला.

म्हणजे हलवणाऱ्याचं हे बोलणं नव्हे. मला सगळं लिहा. काहीही वगळू नका. मी पंचाहत्तर वर्षांची आहे, मला जपायचं काही कारण नाही.

दोकिया


थंडर बे
२८ जानेवारी १९८०

वहिनी,

दोन आठवडे कागद समोर ठेवून बसलो. वासिलचं ते वाक्य तुम्ही लिहायला नको होतं. किंवा त्यानं स्वतः पन्नास वर्षांपूर्वी मला लिहायला हवं होतं.

ऐका तर.

सबंध हिवाळा आपण तळ्यावरून सरळ गेलो. घरं गेली, दुकान गेलं, बर्फ दोन हात जाड होतं. मार्च अर्धा सरला तेव्हा मी गिरमिट घेऊन पुन्हा भोकं पाडली. मधोमध तळाशी झरे आहेत. तिथं बर्फ वीतभर उरलं होतं, तेही भुसभुशीत. मग मी वाट उत्तरेच्या काठाने, बोरूच्या बेटांजवळून वळवली आणि वाळुंजाच्या काठ्या रोवल्या. वळसा तीन मैलांचा होता.

बावीस तारखेला संध्याकाळी वासिल माझ्यावर उखडला. "तीन मैल! देऊळ ओढतोय आपण, घोंगडी नाही. एका दिवसात होणार नाही. दक्षिणेचा वारा सुटलाय. उद्या नाही पोचलो तर पुढच्या हिवाळ्यापर्यंत देऊळ त्या काठाला, आणि अर्धं गाव त्याच्या मागे तिथंच राहील. मग दोन्हीकडे काही उरायचं नाही."

मी म्हटलं, "मग राहू दे. पण मधून जायचं नाही."

"तू भित्रा आहेस, तिमको."

"असेन."

सकाळी मी पुढे जाऊन पलीकडच्या काठावर चढ तासत होतो. जमिनीलगत भुरभुर बर्फ उडत होतं, जुन्या खुणा सगळ्या पुसल्या गेल्या होत्या. दुपारी ओरडा ऐकू आला. धावत गेलो तर मधोमध काळं पाणी. ओलेक्सा देवळाची लोखंडी शेगडी आणि विटा घेऊन सगळ्यांच्या पुढे होता. चार घोडे, गाडी आणि तो, काही वर उरलं नव्हतं. मागे दोनशे पावलांवर देऊळ थांबलं होतं, चोवीस घोडे आणि सव्वीस माणसं. तो पुढे नसता तर ती सगळी गेली असती.

आणि काठ्या सरळ रेषेत होत्या. भोकाच्या दोन्ही बाजूंना.

शेवटच्या काठीपाशी बर्फात वासिलची कुऱ्हाड पडलेली होती. दांड्यावर त्यानं कोरलेली खूण, मी ओळखणार नाही का? कुऱ्हाडीच्या पाठीने काठ्या ठोकल्या होत्या. मी ती उचलली आणि कुणी बघायच्या आत पाण्यात सोडली. मग सगळे माझ्याभोवती जमले. कुणीतरी विचारलं, "या खुणा तुझ्या?" वासिल माझ्याकडे बघत होता. मला वाटलं, तो विनवतोय. मी म्हटलं, "माझ्या."

का म्हटलं, ते आजवर कुणाला सांगितलं नाही. वासिलच्या मागे लोक चालत होते. त्याचं नाव घेतलं असतं तर तिथंच सगळं संपलं असतं. देऊळ एका काठाला, घरं दुसऱ्या काठाला. गाव मोडलं असतं. माझ्यामागे कोण चालत होतं? आणि तुमच्या घरातून आधीच्याच वर्षी एक लहान शवपेटी बाहेर पडली होती. दुसरं काही मला बघवलं नसतं.

त्याच दिवशी मालगाडीने निघालो.

आता कळलं? स्टेफ्काचं पान छापा.

तिमोफी


नोवा लिपा
३ मार्च १९८०

तिमोफी भावजी,

महिनाभर उत्तर दिलं नाही. आजारी नव्हते. धीर गोळा करत होते, आणि तो गोळा होत नाही हे कळल्यावर तसंच लिहायला बसले आहे.

काठ्या मी हलवल्या.

त्या सकाळी उजाडल्यावर मी माझी छोटी बर्फगाडी घेऊन निघाले. पलीकडे काम करणाऱ्यांसाठी बिटाच्या सुपाची किटली पोचवायची होती. गाडीत वासिलची कुऱ्हाड होती, सरपणासाठी मीच टाकलेली. तुमच्या काठ्या उत्तरेकडे वळलेल्या बघितल्या आणि माझं डोकं फिरलं. आदल्या संध्याकाळचं तुमचं भांडण मी दाराआडून ऐकलं होतं. सबंध हिवाळा आपण सरळच गेलो होतो. दोन दिवसांपूर्वी मी एकटी सरळ गेले होते, बर्फानं हूं की चूं केलं नव्हतं. माझी गाडी, एक घोडा आणि किटली, एवढंसं ते वजन. पण मला वाटलं, तिमको घाबरट आहे. घाबरटपणापायी गाव अडकणार.

आमचा पहिला मुलगा आदल्या वर्षीच्या जानेवारीत गेला, घसा बंद होऊन. डॉक्टर रुळांवरच्या गावात होता. वासिल त्याला आणायला गेला तो तिसऱ्या दिवशी परतला. त्या तीन दिवसांनंतर मला फक्त एकच गोष्ट हवी होती. रूळ. उरलेलं सगळं गाव रुळांपाशी यायला हवं होतं, त्याच दिवशी. मी अकरा काठ्या उपटल्या आणि सरळ रेषेत ठोकल्या. दोनेक तासांचं काम होतं. हात गारठले होते, कुऱ्हाड कुठे पडली ते ध्यानातही आलं नाही. तुम्ही चढ तासत होता तिथं मी आले, तुम्हाला वाटीभर सूप दिलं. तुम्ही म्हणालात, "वहिनी, तुमच्यासारखं कुणी करत नाही." सांगायचं तर तेव्हा सांगायचं होतं. मी गप्प राहिले. मला वाटलं, देऊळ पोचलं की हसून सांगेन.

वासिल तुमच्याकडे बघत होता तो विनवत नव्हता. सरळ रेषेतल्या काठ्या बघून त्याला वाटलं होतं, भांडणानंतर तुम्हीच मन बदलून त्या हलवल्यात. त्याला तुमच्या तोंडून "नाही" ऐकायचं होतं.

तुम्ही "माझ्या" म्हणालात तेव्हा सूप पोचवून परत आलेली मी देवळाच्या मागच्या ओंडक्याला धरून उभी होते. मला वाटलं, तुम्हाला माझ्याबद्दल कळलंय आणि तुम्ही मला वाचवताय. एक्कावन्न वर्षं मी हेच समजत आले. म्हणून तुमच्या गप्प बसण्याची मला भीती वाटायची आणि आधारही वाटायचा. वासिलला मी कधी सांगितलं नाही. तो दोन दिवसांनी गुडघ्यांवर बसून, भोकं पाडत पाडत, उत्तरेच्या काठाने देऊळ घेऊन गेला. तुम्ही म्हणाला होतात तीच वाट. गाव पोचलं. आम्हाला नंतर दोन मुली झाल्या. धाकटीला फुप्फुसाचा ताप आला तेव्हा डॉक्टर चार तासांत घरात होता. ती जगली. ती जगली म्हणून मला आनंद होतो, आणि दरवेळी तिच्याकडे बघताना ओलेक्सा आठवतो. हे दोन्ही एकदम वाहावं लागतं. त्यात दया करण्यासारखं काही नाही.

तुम्हाला पहिलं पत्र लिहिलं ते खरं सांगण्यासाठी नव्हे. तुम्हाला किती माहीत आहे ते काढून घेण्यासाठी. हेही लिहून टाकते.

पण आता मी ठरवलं आहे. स्टेफ्काला मी स्वतः सांगणार, आणि पुस्तकात माझं पान माझ्या सहीने छापणार. तुमची परवानगी मागत नाही.

दोकिया


थंडर बे
१२ मार्च १९८०

वहिनी,

तुमचं पत्र वाचून तसाच बाहेर पडलो आणि धक्क्यापर्यंत चालत गेलो. शेजारणीने हाक मारली तेव्हा कळलं की पायात घरातल्या सपाता आहेत.

मी भावाला वाचवतोय असं समजून एक्कावन्न वर्षं त्याला मनातल्या मनात शिव्या घातल्या. तो मेला तेव्हा कार्डावर एक ओळ लिहिली नाही, कारण जी सुचत होती ती लिहिण्यासारखी नव्हती. आणि तो बिचारा तिकडे माझी वाट बघत बसला. एका पत्राचं काम होतं. त्यानं लिहिलं असतं, मी लिहिलं असतं. तुम्ही लिहिलं असतंत.

तुमच्यावर दया करायला तुम्ही सांगितलेलं नाही. मी करतही नाही. सध्या तुमचं अक्षर बघायची माझी इच्छा नाही.

फक्त एक. याकिम तुम्हाला अडवेल. ऐकू नका. आणि सांगायचं तर सगळं सांगा, अर्ध्यावर रडू नका. रडलात की ती तुम्हालाच समजावत बसेल आणि तिचं दुःख बाजूला राहील.

तिमोफी


नोवा लिपा
२० एप्रिल १९८०

तिमोफी भावजी,

माझं अक्षर बघायचं नसलं तरी हे वाचा. उत्तर देऊ नका.

मी रडले नाही. सकाळी पोस्टात गेले, दुसरं कुणी नव्हतं. म्हटलं, "स्टेफ्का, बस."

"उभी बरी आहे मी."

मग सांगितलं. सूप, कुऱ्हाड, काठ्या, सगळं. ती शिक्का हातात धरून ऐकत होती. शेवटी म्हणाली, "किती काठ्या?"

"अकरा."

"मोजल्यात?"

"हो."

तिनं शिक्का खाली ठेवला. मग म्हणाली, "दर ईस्टरला माझ्या आईच्या हातच्या पिरोही करंज्या खाल्ल्यात तुम्ही. आमच्या घरात, आमच्या मेजावर. आई तुमच्या ताटात वाढताना म्हणायची, दोकियाचा आपल्यावर किती जीव आहे बघा." आणि तिनं खिडकी लावून घेतली.

तीन दिवस पोस्ट उघडलं नाही. गावाला पत्रं नाहीत. याकिम माझ्याकडे आला, चेहरा लालबुंद. "दोकिया, तुला भूत लागलंय का? मेलेल्यांना मेलेलं राहू दे! हे पुस्तक नातवंडं वाचणार आहेत."

"म्हणूनच."

"तुझ्या मुलींचा विचार कर."

"दोघींना फोन करून झालाय. थोरली रडली. धाकटी म्हणाली, आई, लिही."

"मग मी समितीतून बाहेर."

"जा. पण कोठाराचं पान देऊन जा, तुझ्याइतकं ते कुणाला माहीत नाही." तासाभराने पान घेऊन परत आला आणि गुपचूप खुर्चीत बसला. समितीत आहे अजून.

माझं पान असं आहे: "२३ मार्च १९२८ च्या सकाळी तिमोफी मांझ्युक यांनी आखलेल्या सुरक्षित वाटेवरच्या अकरा काठ्या मी, दोकिया मांझ्युक हिने, कुणालाही न विचारता उपटून सरळ वाटेवर रोवल्या. त्यामुळे ओलेक्सा कोशिल आणि त्यांचे चार घोडे बुडाले. ओलेक्सा पुढे असल्यामुळे मागचे सव्वीस जण आणि देऊळ वाचलं. तिमोफी यांनी दोष स्वतःवर घेतला आणि गाव सोडलं. ते निर्दोष आहेत. माझे पती वासिल यांना यातलं काही माहीत नव्हतं. मी हे बावन्न वर्षं लपवलं."

चौथ्या दिवशी पोस्ट उघडलं. स्टेफ्कानं माझी पत्रं खिडकीतून सरकवली, माझ्याकडे न बघता. वर एक कागद होता, तिचं पान. खाडाखोड करून नव्यानं लिहिलेलं. "हे छपाईला पाठवा," एवढंच म्हणाली. त्यात काय आहे ते तिनं तुम्हाला स्वतः कळवायचं ठरवलंय, म्हणून मी लिहीत नाही.

सहा जुलैला पुस्तकाचा समारंभ आहे. मी बोलावणार नाही. मला तो हक्क नाही.

दोकिया


नोवा लिपा पोस्ट
९ मे १९८०

श्री. तिमोफी मांझ्युक यांस,

मी स्टेफ्का कोशिल. आपण कधी बोललो नाही.

माझ्या जुन्या पानात एक वाक्य होतं, "आमच्या दारापर्यंतही आले नाहीत." ते मी खोडलं आहे. दोकिया मावशींच्या सांगण्यामुळे नव्हे. ते वाक्य लिहिलं तेव्हाच मला ठाऊक होतं की ते खोटं आहे.

तुम्ही आला होतात. मी खिडकीशी स्टुलावर उभी होते. तुम्ही टोपी हातात घेऊन दारासमोर उभे होतात, केसांवर बर्फ साचत होतं. आई आतून म्हणाली, "कुणी दार उघडायचं नाही." तुम्ही टकटक केली नाही, हाकही मारली नाही, नुसते उभे राहिलात. माझी धाकटी भावंडं जेवून उठली तरी तुम्ही तिथंच होतात. मग स्टेशनच्या दिशेने गेलात. मी आईला म्हटलं, "तो रडत होता." आई म्हणाली, "तो आला नव्हता. समजलीस? कुणी आलं नव्हतं." तेव्हापासून मी सगळ्यांना तेच सांगत आले. सहा वर्षांची असताना सांगितलं ते आईसाठी. नंतर सांगत राहिले ते माझ्यासाठी. कुणाचा तरी राग करायला हवा होता, आणि तुम्ही लांब होतात.

नव्या पानात मी लिहिलं आहे: "ते आमच्या दारात आले होते. आम्ही दार उघडलं नाही."

दोकिया मावशींशी मी बोलत नाही. त्यांची पत्रं देते. पुढे बोलेन की नाही ते माझं मला अजून माहीत नाही, आणि कुणी घाई केलेली मला चालणार नाही.

तुमच्याशी मात्र बोलायचं आहे. वडिलांबद्दल आईनं पुढे एक शब्द काढला नाही. ते चालायचे कसे, हसायचे कसे, घोड्यांना कोणत्या नावांनी हाका मारायचे, हे ज्यांना विचारता येईल असे तुम्ही एकटेच उरला आहात. त्या चारही घोड्यांची नावं मला हवी आहेत. पुस्तकात जागा ठेवली आहे.

आता इथं प्रवासी गाडी थांबत नाही. पाच जुलैला दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी बस मोठ्या रस्त्यावरच्या फाट्यावर थांबते. तिथून गाव चार मैल आहे. मी ट्रक घेऊन उभी असेन. राहायची सोय माझ्याकडे केली आहे.

मी वडिलांसारखी उंच आहे, लोक म्हणतात. ओळखाल.

स्टेफ्का